तानुबाईंचा 'दीनबंधु'

मैत्रिणींनो, पेपर आला की आपण आधी काय बघतो? राशिभविष्य, नाहीतर सोन्याचा भाव. पानाच्या अगदी तळाशी बारीक अक्षरात संपादकाचं नाव असतं, तिकडे कोण बघतंय! तिथे आजही बाईचं नाव क्वचितच दिसतं. मग शंभर वर्षांपूर्वी, तेही एका विधवेचं? पण होतं. तानुबाई बिर्जे.

तानुबाईंचा जन्म १८७६ चा, पुण्यातला. वडील देवराव ठोसर. जोतीराव-सावित्रीबाई फुले यांचा शेजार आणि शाळाही त्यांचीच, वेताळ पेठेतली. १८९३ मध्ये वासुदेवराव बिर्जे यांच्याशी लग्न झालं ते सत्यशोधक पद्धतीनं, म्हणजे भटजीशिवाय. वासुदेवराव बडोद्याला सयाजीराव महाराजांकडे ग्रंथपाल होते. सुखाची नोकरी.

मुंबईत तेव्हा नारायण मेघाजी लोखंडे 'दीनबंधु' साप्ताहिक चालवत. १८७७ साली कृष्णराव भालेकरांनी पुण्यात सुरू केलेला हा पेपर शेतकऱ्यांची, गिरणी कामगारांची बाजू मांडायचा. १८९० मध्ये गिरणी कामगारांना रविवारची सुट्टी मिळाली ती लोखंड्यांच्या खटपटीनं. (अंबरनाथ-बदलापूरच्या आपण सगळ्या रविवारच्या मेगाब्लॉकच्या नावानं बोटं मोडतो, पण मुळात सुट्टी आहे ती या माणसामुळे!) साधारण त्याच सुमारास 'आम्ही विधवांचं केशवपन करणार नाही' म्हणून मुंबईच्या नाभिकांनी संप केला, त्यामागेही लोखंडेच.

१८९७ च्या प्लेगात लोखंडे गेले, सावित्रीबाईही गेल्या. पेपर बुडू नये म्हणून वासुदेवरावांनी बडोद्याची नोकरी सोडली. पगार गेला, वर पेपरचा खर्च अंगावर आला. अशा वेळी घरातल्या बाईला काय काय निभवावं लागतं, ते आपल्याला कुणी सांगायला नको.

१९०६ मध्ये वासुदेवरावही गेले. तानुबाई जेमतेम तिशीच्या. त्या काळच्या विधवेनं कोपरा धरायचा, हीच रीत. तानुबाईंनी संपादकाची खुर्ची धरली. खिळे जुळवून छपाई, वर्गणीदारांची थकबाकी, कागदाचा खर्च, आणि दर आठवड्याला अग्रलेख! पेपर कुणासाठी थांबत नाही.

त्यांना देशातल्या पहिल्या महिला संपादक म्हणतात. तसं बंगालीत स्वर्णकुमारी देवी 'भारती' मासिक त्याआधीपासून सांभाळत होत्या. पण ते साहित्याचं मासिक. बहुजनांच्या शिक्षणावर, राजकारणावर परखड लिहिणारं वृत्तपत्र चालवणं हे काम निराळं, म्हणून मला तानुबाईंचा मान मोठा वाटतो. उल्हासनगरात बचत गटाच्या बैठकांत मी नेहमी बघते, सहीला बाई पुढे आणि बोलायला नवरा पुढे. तानुबाईंच्या वेळी बोलायला दुसरं कुणी नव्हतंच. सही त्यांची, शब्दही त्यांचेच.

१९१२ पर्यंत त्यांनी 'दीनबंधु' चालवला. पुढच्याच वर्षी त्या गेल्या. वय अवघं ३७.