खमरियाला पोस्टर लागलं नाही

जबलपुराहून पत्र म्हटलं की महाराष्ट्रातला वाचक भेडाघाटचे संगमरवरी कडे आणि धुवांधारचे तुषार यांची वाट पाहतो. हे शहर गेली शंभराहून अधिक वर्षं तोफा आणि दारूगोळ्यावर पोट भरतं, हे त्याच्या गावी नसतं. आणि १९५६ पर्यंत नागपूर नि जबलपूर एकाच प्रांतात नांदत होती, हे विदर्भाबाहेर फारसं कुणाला आठवतही नाही. १९०४ साली इथे गन कॅरेज फॅक्टरी उभी राहिली, दुसऱ्या महायुद्धात खमरियाचा दारूगोळ्याचा कारखाना आला, १९६९ साली लष्करी वाहनांचा. तेव्हा युद्धकाळात यंत्रापाशी राबणाऱ्या बाईचं भारतातलं एखादं गाजलेलं चित्र कुठे सापडायचंच असेल, तर ते इथे सापडायला हवं. ते नाही. इथे युद्ध आणि बाई एकत्र दिसतात ती राणी दुर्गावतीच्या रूपात. १५६४ साली नरई नाल्याजवळ मोगल फौजेशी लढताना पडलेली गोंड राणी इथल्या विद्यापीठाला आणि संग्रहालयाला नाव देऊन आहे. दुसरी राणी झाशीची. तिच्यावरची हिंदी मुलखात सर्वांत पाठ असलेली कविता लिहिणाऱ्या सुभद्राकुमारी चौहान याच शहरात राहिल्या. राण्या दोन आहेत; कामगारीण एकही नाही.

मराठी वाचकाला ‘युद्धातली कामगार स्त्री’ म्हटलं की पिवळ्या पार्श्वभूमीवर बाही वर सारून दंड दाखवणारी अमेरिकन बाई आठवते. महिला दिन आला की तिला साडी-कुंकू चढवून तिच्या मराठी आवृत्त्याही निघतात. अमेरिकेने या चित्राने घरातल्या बायकांना हाक घातली आणि त्या कारखान्यात धावल्या, असा समज त्यामागे आहे. तो खरा नाही. जे. हॉवर्ड मिलर यांनी हे चित्र वेस्टिंगहाउस कंपनीसाठी केलं. १९४३ च्या फेब्रुवारीत ते कंपनीच्याच कारखान्यांत जेमतेम दोन आठवडे लागलं. बघणारे सगळे आधीच कामावर असलेले. त्यांनी खाडे करू नयेत, कुरकुर करू नये, एवढाच मालकाचा हेतू. आज तिला ‘रोझी’ म्हणतात, तेव्हा तसं म्हणत नव्हते, आणि ती जगभर पोचली ती १९८० नंतर. ब्रिटनचं उदाहरण आणखी बोलकं आहे. तिथे १९४१ मध्ये फिलिप झेक यांचं, विमानांच्या रांगांखाली हात पसरून उभ्या असलेल्या बाईचं पोस्टर भिंतीभिंतीवर लागलं, आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरात सरकारला अविवाहित तरुणींच्या सक्तीच्या भरतीचा कायदा करावा लागला. नुसत्या पोस्टरने पुरेशा बायका आल्या असत्या, तर कायद्याची गरज काय होती? तरीही त्या दोन्ही देशांत पोस्टर निघालं, कारण ज्या बाईशी बोलायचं होतं ती ‘नाही’ म्हणू शकत होती. तिचं मन वळवणं भाग होतं.

आपल्याकडे ते भाग नव्हतं. जबलपूरच्या नैर्ऋत्येला छिंदवाड्यात पेंच खोऱ्यातल्या कोळशाच्या खाणी आहेत. जमिनीखालच्या कामाला बायका लावायला १९३७ पासून बंदी होती. युद्ध आलं, विमानतळ आणि लष्करी बांधकामांवर जास्त मजुरी मिळू लागली, खाणीतले पुरुष तिकडे गेले आणि कोळसा कमी पडू लागला. सरकारने चित्रकार बोलावला नाही. १९४३ साली मध्यप्रांत-वऱ्हाड, बंगाल, बिहार आणि ओरिसातल्या खाणींपुरती बंदी उठवणारी अधिसूचना काढली आणि काम भागलं. त्या वर्षीची महागाई आणि बंगालचा दुष्काळ आठवला, तर बायका का उतरल्या ते वेगळं सांगायला नको. अखिल भारतीय महिला परिषदेने कडाडून विरोध केला. व्हाइसरॉयच्या मंडळात तेव्हा मजूर खातं डॉ. बाबासाहेब आंबेडकरांकडे होतं. फेब्रुवारी १९४४ मध्ये मध्यवर्ती विधिमंडळात त्यांनाच उत्तर द्यावं लागलं. हा आणीबाणीचा उपाय आहे, असं सांगताना त्यांनी बायकांना पुरुषांइतकीच मजुरी ठरवल्याचं आग्रहाने मांडलं. १ फेब्रुवारी १९४६ ला बंदी पुन्हा लागू झाली. समान कामाला समान मजुरी, तीही युद्धाच्या धामधुमीत, आणि तीही एका मराठी माणसाच्या तोंडून विधिमंडळात! दंडाच्या बेटकुळ्या आपल्या भिंतींवर मिरवतात आणि हे प्रकरण ग्रंथालयात धूळ खात पडतं, याचा राग येतो.

यावर कुणी म्हणेल, दारूगोळ्याच्या कारखान्याचं चित्र कसं काढणार? गोपनीयतेचा कायदा १९२३ पासून आहे. पण ब्रिटनमध्ये गोपनीयता काही कमी नव्हती. पहिल्या महायुद्धात बार्नबो इथल्या स्फोटात ३५ बायका गेल्या, ती बातमीसुद्धा तेव्हा दाबली गेली. तरी पोस्टरं निघतच राहिली, कारण पोस्टरातल्या बाईच्या मागे खरं यंत्र दाखवावं लागत नाही. दुसरा आक्षेप निरक्षरतेचा. पण ज्याला वाचता येत नाही त्याच्यासाठीच तर चित्र! शिवाय बायकांसाठी पोस्टरं आपल्याकडेही निघाली होतीच. १९४२ साली स्त्रियांचं सहायक दल उभं राहिलं, तेव्हा त्याच्या भरतीची रुबाबदार चित्रं छापली गेली. ती होती इंग्रजी येणाऱ्या, शिकलेल्या, घरून परवानगी काढू शकणाऱ्या मुलींसाठी. म्हणजे जिथे मनधरणी करावी लागली तिथे सरकारला चित्रकारही मिळाला आणि शाईही.

महाराष्ट्राने यावर इथल्यांना नावं ठेवावीत, अशी त्याची स्थिती नाही. खडकी, देहू रोड, वरणगाव, भुसावळ, भंडारा, चांदा अशी दारूगोळ्याची आणि आयुधांची मोठी साखळी तिथे आहे, आणि वर्तमानपत्रांना ती आठवते स्फोट झाला की. मुंबईच्या गिरण्यांत विसाच्या दशकात पाचातली जवळपास एक कामगार बाई होती. वाइंडिंग आणि रिळाच्या खात्यांत त्यांच्यावर देखरेखीला नायकिणी (बाई-मुकादम) असत. बायकांना रात्रपाळीची बंदी, त्यामुळे जिथे पाळ्या वाढल्या तिथे वाढीव काम पुरुषांकडे गेलं. अमेरिकेत युद्धाने बाईला कारखान्यात आणलं म्हणतात. गिरणगावात तिचं प्रमाण उलट घसरत गेलं. या बायकांचं चित्र मराठीने कसं जपलं? गिरणी कामगारांच्या पुढारी पार्वतीबाई भोर यांच्या आत्मकथनाचं नाव ‘एका रणरागिणीची हकीकत’. उषाबाई डांगे यांच्या आत्मचरित्राचं नाव ‘पण ऐकतं कोण?’. पहिलं नाव वाचून जबलपूरच्या राण्यांची आठवण होते. रीळ भरणारी, वर्गणी गोळा करणारी, संपात उभी राहणारी बाई तशीच्या तशी दिसावी एवढी सोय आपल्या कल्पनेत नाही. तिच्या हाती तलवार द्यावी लागते, मग ती डोळ्यांत भरते. हत्तीवरच्या दुर्गावतीपेक्षा हे फार वेगळं नाही.

स्वातंत्र्यानंतर तरी हिशेब बदलावा! १९६२ च्या युद्धात बाईचं चित्र ठरलं ते संरक्षण निधीत दागिने देणारीचं. १९६५ ची घोषणा जवानाची आणि किसानाची. तोफगोळे करणाऱ्या शहराचा तिच्यात शब्दही नाही. इथल्या कारखान्यांतून निघालेल्या लष्करी ट्रकचं नाव शक्तिमान, तेही पुल्लिंगी. (जर्मन मान कंपनीवरची ती कोटी आहे, म्हणून माफ.) स्फोटकं भरण्याच्या खात्यात धातूचा दागिना अंगावर चालत नाही, आगपेटी चालत नाही. निधीत सोनं देणारी बाई ते एकदा उतरवते. भराई खात्यातली पाळीगणिक.

कोळशाकडे मात्र आता नवल घडतं आहे. २०१९ च्या अधिसूचनेने बायकांना दिवसपाळीत जमिनीखाली तांत्रिक, देखरेखीचं आणि व्यवस्थापनाचं काम करायला मोकळीक दिली, पण त्यांच्या लेखी संमतीने. संमती मागायची म्हणजे नकाराची सोय आली. त्यापाठोपाठ हेल्मेट घातलेल्या, टोपीवर दिवा लावलेल्या हसऱ्या खाण-अभियंत्या सरकारी कोळसा कंपन्यांच्या जाहिरातींत आणि दिनदर्शिकांत दिसू लागल्या. पेंचच्या खाणी आज ज्या कंपनीकडे आहेत तिचं मुख्यालय नागपुरात आहे. १९४३ साली याच खाणींत उतरलेल्या बायकांपैकी एखादीचं चित्र त्या दिनदर्शिकेत छापायचं ठरलं, तर ते आणायचं कुठून?