‘क्यूबोझोआ’ : एका प्राणिशास्त्रीय संज्ञेचा अर्थ आणि उपयोग

इंग्रजी शब्दकोशांत ‘क्यूबोझोअन’ या शब्दापुढे बहुधा ‘पेटीच्या आकाराची छत्री असलेला विषारी जेलीफिश’ अशा आशयाचा अर्थ दिलेला आढळतो. सामान्य वाचकाची निकड या अर्थाने भागते. परंतु संज्ञेचा अभ्यास करणाराने त्यातील तीन घटक वेगळे करून पाहणे अगत्याचे आहे. आकार हा पहिला घटक, प्राण्याची जात हा दुसरा आणि विष हा तिसरा. यांपैकी पहिला घटक संज्ञेच्या घटनेतून निघतो, दुसरा लौकिक व्यवहारातून आलेला आहे आणि तिसरा अनुभवाने जोडला गेलेला आहे. तीन निरनिराळ्या वाटांनी आलेले हे घटक एकाच अर्थात मिसळले म्हणजे संज्ञेचा उपयोग सैल होतो. प्रस्तुत संज्ञेच्या बाबतीत हा सैलपणा कोशाच्या पानापुरता मर्यादित राहत नाही. समुद्रकिनाऱ्यावर दंश झालेल्या माणसाच्या उपचारापर्यंत तो जाऊन पोहोचतो. म्हणून या संज्ञेची घटना, तिचा इतिहास आणि तिचा आजचा उपयोग यांचा क्रमाने विचार करणे युक्त ठरेल.

१. संज्ञेची घटना

‘क्यूबोझोआ’ ही संज्ञा दोन ग्रीक शब्दांपासून सिद्ध झालेली आहे. ‘झोआ’ हे ‘झोऑन’ म्हणजे ‘प्राणी’ या नपुंसकलिंगी शब्दाचे अनेकवचन होय. संस्कृतातील ‘जीव’ आणि ग्रीकमधील हा शब्द एकाच मूळ धातूपासून निघाले आहेत, हे तौलनिक भाषाशास्त्राच्या अभ्यासकांस ठाऊकच आहे. ‘क्यूबो’ या पूर्वपदाच्या मुळाशी ‘कुबॉस’ हा शब्द आहे. त्याचा रूढ अर्थ ‘खेळावयाचा फासा’ असा होता. फाशाच्या सहा सारख्या बाजूंवरून भूमितीतील घनाकृतीस तेच नाव मिळाले आणि लॅटिनच्या द्वारा ते युरोपीय भाषांत पसरले.

मराठीत या पूर्वपदासाठी ‘घन’ हा शब्द सहज सुचतो. त्यास परंपरेचा आधारही आहे : आर्यभटाने इ. स. ४९९ च्या सुमारास तीन समान संख्यांच्या गुणाकारास आणि बारा कडांच्या आकृतीस ‘घन’ हीच संज्ञा योजिली होती. तथापि आजच्या मराठीत ‘घन’ शब्द घट्ट, दाट, स्थायुरूप आणि मेघ अशा अनेक अर्थांचा भार वाहतो. ‘घनप्राणी’ असा समास केल्यास वाचकाच्या मनात प्रथम ‘घट्ट शरीराचा प्राणी’ हाच अर्थ उभा राहील; आणि ज्या प्राण्याच्या शरीराचा बहुतांश भाग पाणी आहे, त्याच्या बाबतीत तो अर्थ वस्तुस्थितीच्या नेमका उलट होईल. ‘घनाकृती’ म्हटल्याने ही अडचण दूर होते, पण दुसरी शिल्लक राहते. या प्राण्याची छत्री काटेकोर घनाकृती नसते. तिचा आडवा छेद चौकोनी असतो. चार कोपऱ्यांवर चार मांसल पात्या असतात आणि त्या पात्यांपासून संस्पर्शक, म्हणजे दंश करणारे लांब धागे, लोंबत असतात. तेव्हा संज्ञेतील ‘फासा’ हे साम्यदर्शक पद आहे, मापाने सिद्ध केलेले वर्णन नव्हे.

२. ‘मेडुसी’पासून ‘झोआ’पर्यंत

आजची संज्ञा रूढ होण्यापूर्वी या प्राण्यांना ‘क्यूबोमेडुसी’ म्हणत. अर्न्स्ट हेकेल या जर्मन प्राणिशास्त्रज्ञाने एकोणिसाव्या शतकाच्या आठव्या दशकात ही संज्ञा योजिली. तिच्या उत्तरपदात मेडुसा ही ग्रीक पुराणकथेतील स्त्री आहे. तिच्या केसांच्या जागी साप होते आणि तिच्या दृष्टीने माणूस शिळा होई. छत्रीखाली वळवळणाऱ्या संस्पर्शकांवरून हे नाव सुचले असावे, अशी सामान्य समजूत आहे. लिनियसने १७५८ साली ‘मेडुसा’ हे एका वंशाचे नाव म्हणून वापरले. पुढे त्या वंशात घातलेल्या जाती निरनिराळ्या गटांत विभागल्या गेल्या आणि ‘मेडुसा’ हा शब्द वर्गीकरणाच्या क्षेत्रातून बाहेर पडून प्राण्याच्या जीवनातील एका अवस्थेचा वाचक झाला. विशेषनामाचे सामान्यनाम होण्याची ही प्रक्रिया भाषेत नवी नाही.

परंतु याच परिवर्तनामुळे ‘क्यूबोमेडुसी’ ही संज्ञा अपुरी पडू लागली. जेलीफिशांच्या जीवनात सामान्यतः दोन अवस्था असतात : तळाशी चिकटून राहणारा नळीसारखा पॉलिप आणि पाण्यात पोहणारी छत्रीसारखी मेडुसा. नेहमीच्या जेलीफिशांत, म्हणजे स्कायफोझोआ वर्गात, पॉलिपाच्या आडव्या चकत्या पडून त्यांपासून कोवळ्या मेडुसा सुटतात. क्यूबोमेडुसींचे काय होते, हे दीर्घकाळ अज्ञात होते. १९७१ साली बर्नहार्ट वेर्नर व त्याचे सहकारी यांनी ‘ट्रायपेडेलिया सिस्टोफोरा’ या जातीचे जीवनचक्र प्रसिद्ध केले. त्यात असे दिसून आले की येथे चकत्या पडत नाहीत. सबंध पॉलिपाचेच रूपांतर होऊन त्यापासून एक मेडुसा तयार होते. हा भेद इतका मूलगामी होता, की या गटास स्कायफोझोआमधील एक गण मानणे कठीण झाले. वर्गीकरणाच्या ग्रंथांत ‘क्यूबोझोआ’ या स्वतंत्र वर्गापुढे ‘वेर्नर, १९७३’ असा निर्देश आढळतो, त्याचे कारण हे होय.

येथे संज्ञाबदलाचा अर्थशास्त्रीय आशय लक्षात घेण्याजोगा आहे. ‘मेडुसी’ हे उत्तरपद प्राण्याच्या एका अवस्थेचे नाव होते. ‘झोआ’ हे संपूर्ण प्राण्याचे नाव आहे. ज्या शोधामुळे वर्ग वेगळा झाला, तो शोध मुख्यतः पॉलिप-अवस्थेविषयीचा होता. त्यामुळे केवळ मेडुसेचा निर्देश करणारे नाव मागे पडून दोन्ही अवस्थांना सामावून घेणारे नाव पुढे आले, हे ज्ञानाच्या प्रगतीशी सुसंगत आहे. ‘क्यूबोमेडुसी’ आणि ‘क्यूबोझोआ’ यांना निव्वळ पर्यायशब्द मानणाऱ्या कोशांतून हा इतिहास पुसला जातो.

३. लौकिक नावे

शास्त्रीय संज्ञेच्या जोडीने इंग्रजीत ‘बॉक्स जेलीफिश’ आणि ‘सी वास्प’, म्हणजे ‘समुद्रातील गांधीलमाशी’, ही लौकिक नावे प्रचलित आहेत. ‘बॉक्स जेलीफिश’ या नावाचा उपयोग दोन प्रकारे होतो. व्यापक अर्थाने ते क्यूबोझोआ वर्गातील सर्व, म्हणजे सुमारे पन्नास, जातींना लागू पडते. ऑस्ट्रेलियातील बोलण्यात मात्र ते पुष्कळदा ‘कायरोनेक्स फ्लेकेरी’ या एकाच जातीपुरते मर्यादित असते. एकाच शब्दाच्या ठायी अर्थविस्तार व अर्थसंकोच असे एकसमयावच्छेदेकरून नांदू लागले, की एका अर्थी खरे असलेले विधान दुसऱ्या अर्थी नकळत खोटे ठरते. ‘बॉक्स जेलीफिशचा दंश काही मिनिटांत प्राण घेऊ शकतो’ हे विधान संकुचित अर्थाने खरे आहे. व्यापक अर्थाने ते पन्नास जातींवर केलेला आरोप होय.

‘जेलीफिश’ या शब्दातील ‘फिश’ हे पदही असेच दिशाभूल करणारे आहे, कारण हा प्राणी मासा नव्हे. ‘सी वास्प’चे मराठी भाषांतर ‘समुद्री गांधीलमाशी’ असे केल्यास मासा जाऊन माशी येते, एवढाच फरक पडतो. शिवाय गांधीलमाशी आपण होऊन डंख मारते. या प्राण्याच्या संस्पर्शकांवरील दंशकोशिका स्पर्शाने व त्वचेवरील रासायनिक द्रव्यांच्या उत्तेजनाने आपोआप फुटतात. शरीरापासून तुटून पडलेल्या धाग्यावरील दंशकोशिकाही फुटू शकतात. ‘डंख मारला’ या क्रियापदात जो हेतू गृहीत धरलेला असतो, तो येथे नाही.

४. विष हा अर्थाचा घटक आहे काय ?

आता तिसऱ्या घटकाकडे वळावयाचे. क्यूबोझोआचे नाव विषाशी निगडित झाले ते मुख्यतः उत्तर ऑस्ट्रेलियातील घटनांमुळे. जानेवारी १९५५ मध्ये क्वीन्सलंडमधील कार्डवेल येथे पाच वर्षांचा एक मुलगा समुद्रात दंश होऊन मरण पावला. केर्न्स येथील डॉ. ह्यूगो फ्लेकर यांच्या सूचनेवरून तेथील पाण्यात जाळी टाकण्यात आली आणि हाती लागलेल्या प्राण्यांपैकी चौकोनी छत्रीचा एक अपरिचित नमुना ॲडलेड येथील डॉ. रोनाल्ड साउथकॉट यांच्याकडे धाडण्यात आला. साउथकॉट यांनी त्यास नव्या वंशाचे व नव्या जातीचे नाव दिले : ‘कायरोनेक्स फ्लेकेरी’. या नावात ग्रीक ‘खेइर’, म्हणजे हात, आणि लॅटिन ‘नेक्स’, म्हणजे घात किंवा हिंसक मृत्यू, यांचा संकर आहे. ‘नेक्स’ आणि संस्कृत ‘नश्’ हे सगोत्र शब्द आहेत. मराठीतील ‘नाश’ त्याच कुळातला. जातिवाचक पद फ्लेकर यांच्या गौरवार्थ योजिलेले आहे.

येथे एक गोष्ट स्पष्ट होते. घाताचा अर्थ वंशाच्या नावात आहे, वर्गाच्या नावात नाही. ज्याने प्रत्यक्ष मृत्यू ओढवला त्या प्राण्याच्या नावात मृत्यूचा निर्देश करणे साउथकॉट यांना उचित वाटले. वर्गनाम मात्र आकारावरच उभे राहिले. कोशातील ‘विषारी’ हे विशेषण खालच्या पायरीवरील नावाचा अर्थ वरच्या पायरीवर चढवून मिळालेले आहे.

दुसरे उदाहरण ‘इरुकांजी’ या नावाचे. केर्न्सच्या उत्तरेस राहणाऱ्या आदिवासी लोकांचे हे नाव. त्या किनाऱ्यावर दिसणाऱ्या एका विलक्षण व्याधीस फ्लेकर यांनी १९५२ साली ते दिले. दंश क्षुल्लक वाटतो. परंतु सुमारे अर्ध्या तासाने पाठीत व पोटात तीव्र वेदना, घाम, वांत्या आणि रक्तदाबाची वाढ अशी लक्षणे दिसू लागतात. व्याधीस नाव मिळाले तेव्हा तिचे कारण अज्ञात होते. १९६१ साली डॉ. जॅक बार्न्स यांनी सुमारे एक सेंटिमीटर छत्रीचा एक प्राणी पकडून त्याचा दंश स्वतःवर व अन्य दोघांवर घेतला आणि कार्यकारणसंबंध सिद्ध केला. १९६७ साली साउथकॉट यांनी त्यास ‘कारुकिया बार्नेसी’ असे नाव दिले. लोकनाम, त्यापासून व्याधिनाम आणि व्याधिनामावरून पुन्हा ‘इरुकांजी जेलीफिश’ हे प्राणिनाम, असा या शब्दाचा प्रवास आहे.

तिसरे उदाहरण विरुद्ध बाजूचे. ज्या ‘ट्रायपेडेलिया सिस्टोफोरा’ जातीच्या अभ्यासाने या वर्गाचे स्वतंत्र अस्तित्व प्रस्थापित होण्यास साहाय्य झाले, ती जाती खारफुटीच्या मुळांमध्ये राहते, सुमारे एक सेंटिमीटर आकाराची असते आणि तिच्यापासून मनुष्यास धोका नसल्यासारखाच असतो. तिची ख्याती आहे ती चोवीस डोळ्यांसाठी आणि अनुभवावरून अडथळा टाळण्यास शिकण्याच्या शक्तीसाठी. ही शक्ती २०२३ साली प्रसिद्ध झालेल्या प्रयोगांनी दाखवून दिली. ‘विषारी’ हा घटक व्याख्येत अनिवार्य मानला, तर हा प्राणी वर्गाचा सभासद असूनही व्याख्येच्या कक्षेत कसाबसाच बसतो. वस्तुतः दंशकोशिका या केवळ क्यूबोझोआचे नव्हे, तर प्रवाळ, हायड्रा आणि सर्व जेलीफिश यांचेही लक्षण आहे. जे लक्षण सबंध संघास समान, ते एका वर्गाचे व्यवच्छेदक होऊ शकत नाही. ही अतिव्याप्ती होय.

५. संज्ञेचा सैलपणा आणि उपचार

पावसाळ्यात मुंबईच्या जुहू, गिरगाव इत्यादी चौपाट्यांवर निळसर फुग्यासारखे प्राणी वाहून येतात. ऑगस्ट २०१८ मध्ये त्यांचे दंश अनेकांना झाल्याच्या वार्ता वृत्तपत्रांत आल्या होत्या आणि त्यांत या प्राण्यांना सर्रास ‘जेलीफिश’ म्हटले गेले. तो प्राणी म्हणजे ‘फायसेलिया’. ग्रीकमधील ‘बुडबुडा’ या अर्थाच्या शब्दावरून हे नाव आले आहे. तो हायड्रोझोआ वर्गातील असून एकटा प्राणीही नव्हे. अनेक घटकजीवांची ती वसाहत असते. मेडुसेच्या नेहमीच्या अर्थाने तो जेलीफिश ठरत नाही आणि क्यूबोझोआशी त्याचा नजीकचा संबंध नाही.

हा भेद व्यवहारात महत्त्वाचा आहे. क्यूबोझोआच्या दंशावर व्हिनेगर ओतल्यास त्वचेवर राहिलेल्या व अद्याप न फुटलेल्या दंशकोशिका निकामी होतात. ही गोष्ट कायरोनेक्सच्या बाबतीत १९८० साली प्रयोगाने दाखविण्यात आली. शरीरात गेलेले विष मात्र व्हिनेगरने उतरत नाही. त्यासाठी १९७० पासून ऑस्ट्रेलियात प्रतिविष उपलब्ध आहे. उलट, फायसेलियाच्या दंशावर व्हिनेगर वापरू नये, समुद्राच्या पाण्याने धुऊन सोसवेल इतक्या गरम पाण्याचा शेक द्यावा, असे ऑस्ट्रेलियातील प्रथमोपचाराचे नियम सांगतात. या दुसऱ्या मुद्द्यावर संशोधकांत मतभेद आहेत. परंतु मतभेद नेमका कोणत्या प्राण्याविषयी आहे, हे कळण्यासाठीसुद्धा प्राण्यांची नावे वेगळी असावी लागतात. ‘विषारी जेलीफिश’ या एकाच शब्दप्रयोगाखाली दोहोंना आणल्यास एकाचा उपचार दुसऱ्यास लावला जाण्याचा संभव उत्पन्न होतो.

मराठीतील ‘विषारी’ हे विशेषण येथे आणखी एक गोंधळ करते. साप, अळंबी आणि जेलीफिश या तिघांनाही ते लागते. खाल्ल्याने बाधणारे विष आणि दंशाने शिरणारे विष यांतील भेद ते दाखवीत नाही. काही जातींचे जेलीफिश चीन व जपान येथे खाल्ले जातात, हे ध्यानात घेता ‘दंशविषारी’ हा शब्द अधिक नेमका ठरेल.

६. मराठीतील उपयोग

वरील विवेचनावरून काही गोष्टी निष्पन्न होतात. वर्गनाम म्हणून ‘क्यूबोझोआ’ हेच रूप देवनागरीत कायम ठेवावे, कारण आंतरराष्ट्रीय नामांचे भाषांतर केल्यास त्यांचे ओळखपण नष्ट होते. ‘झोआ’ मुळात अनेकवचन असले तरी मराठीत ‘क्यूबोझोआ हा वर्ग’ असे एकवचनीच योजावे. त्या वर्गातील व्यक्तीसाठी ‘क्यूबोझोअन’ ऐवजी ‘क्यूबोझोआ-वर्गीय प्राणी’ म्हणणे श्रेयस्कर, कारण रोमन लिपीतील मोठ्या व लहान आद्याक्षरांनी वर्गनाम व सामान्यनाम यांत जो भेद दिसतो, तो देवनागरीत दिसू शकत नाही. लौकिक लेखनासाठी ‘पेटी-जेलीफिश’ हा शब्द पुरेसा आहे. दंशाची तीव्रता सांगावयाची असेल तेथे मात्र वंशाचे किंवा जातीचे नाव देणे आवश्यक समजावे.

या दृष्टीने मराठी कोशातील नोंद पुढीलप्रमाणे असावी : ‘क्यूबोझोआ : चौकोनी छेदाची छत्री व तिच्या चार कोपऱ्यांवर संस्पर्शक असलेल्या, आणि ज्यांच्या संपूर्ण पॉलिपाचे सामान्यतः एका मेडुसेत रूपांतर होते अशा, समुद्री प्राण्यांचा वर्ग. यांपैकी कायरोनेक्स, कारुकिया इत्यादी वंशांतील काही जातींचा दंश मनुष्यास घातक असतो.’ या नोंदीत आकार आणि जीवनक्रम व्याख्येत येतात. विषाचा निर्देश दुसऱ्या वाक्यात, ज्यांना तो लागू आहे त्यांच्याच नावापुढे येतो.