सुट्टीच्या दिवशीचा मेसेज

मागच्या भागात मस्टरवरची सही जाऊन बोटाचा ठसा कसा आला ते पाहिलं. आता हजेरी संपल्यावरही चालू राहणाऱ्या कामाकडे वळू.

रविवारी जेवणं आटोपून माणूस जरा आडवा होतो आणि ऑफिसच्या ग्रुपवर मेसेज येतो : ‘छोटंसं काम होतं, उद्या सकाळी दिलं तरी चालेल.’ काम खरंच उद्याचं असतं. पण कुणी वाचलं हे साहेबांना दिसतं. एकजण लगेच ‘ओके सर’ लिहितो, दुसरा अंगठा टाकतो, आणि गप्प राहिलेला उठून दिसतो. काम पंधरा मिनिटांचं, पण डोक्यात संध्याकाळपर्यंत घोळत राहतं. मुलगी काहीतरी सांगत असते, बाप ‘हं, हं’ करत असतो.

हा रविवार मुंबईच्या गिरणी कामगारांनी झगडून मिळवला आहे. नारायण मेघाजी लोखंडे यांनी 1884 मध्ये कामगारांची सभा भरवून साप्ताहिक सुट्टीची मागणी केली. ती गिरणीमालकांनी मान्य केली 10 जून 1890 रोजी. सहा वर्षं लागली! पुढे 1948 च्या कारखाने कायद्याने आठवड्याला 48 तासांची मर्यादा घातली आणि वरच्या कामाला दुप्पट दर ठरवला. पण हे सगळे हिशेब कामाच्या जागेवरच्या तासांचे. भोंगा झाला, पाळी सुटली, की मालकाचा हात कामगारापर्यंत पोचत नसे. आता तो खिशातून पोचतो, आणि त्या पंधरा मिनिटांची नोंद कुठल्याच रजिस्टरात होत नाही.

इतर देशांनी यावर कायदे केले. फ्रान्समध्ये 2017 पासून पन्नास किंवा अधिक कर्मचाऱ्यांच्या कंपन्यांना याबाबत कामगारांशी वाटाघाटी कराव्या लागतात. ऑस्ट्रेलियात ऑगस्ट 2024 पासून कर्मचारी वेळेबाहेरच्या फोनला उत्तर नाकारू शकतो, मात्र नकार अवाजवी नसावा. पोर्तुगालने 2021 च्या कायद्यात उलट बाजूने हात घातला : अत्यंत निकड नसेल तर विश्रांतीच्या वेळी मालकानेच संपर्क करायचा नाही.

मला पोर्तुगालची वाट आपल्यासाठी योग्य वाटते. आपल्याकडे साहेबांना ‘नाही’ म्हणण्याचा हक्क कागदावर दिला, तरी तो वापरणार कोण? वर्षअखेरीचा शेरा त्यांच्याच हातात असतो. नोकरी कंत्राटी असेल तर विचारूच नका. म्हणून बंधन पाठवणाऱ्यावर हवं.

लोकसभेत सुप्रिया सुळे यांनी 2018 मध्ये या हक्काचं खासगी विधेयक मांडलं होतं. पण 1970 नंतर एकाही खासगी विधेयकाचा कायदा झालेला नाही, त्यामुळे तूर्त भिस्त ऑफिसांवरच. ईमेल आता लिहून सोमवारी नऊ वाजता पोचेल अशी वेळ लावून ठेवता येते. वरिष्ठांनी एवढं केलं तरी अनेकांची दुपार वाचेल.

पुढच्या भागात : ज्यांना ठरलेली पाळीच नाही, ते घरपोच माल पोचवणारे कामगार.