खेळाची दुसरी प्रत

रायपूर येथील महंत घासीदास स्मारक संग्रहालय १८७५ साली स्थापन झाले. तेथे असतात तसल्या शिलालेखांचा ठसा घेताना अभ्यासक दगडावर ओला कागद ठोकून बसवितात व त्यावर शाई थोपटतात. पुढे दगड झिजला, तरी अक्षरे वाचता येतात. स्मार्टफोनवरील आभासी वास्तवाच्या खेळांनाही अशा दुसऱ्या प्रतीची गरज असते.

खेळाचे दोन भाग होत. पहिला म्हणजे आज्ञावली, चित्रे व ध्वनी. हा आकाराने मोठा, परंतु पुन्हा उतरवून घेता येतो. दुसरा म्हणजे खेळाडूची प्रगती. ही लहान, पण एकमेव असते. अँड्रॉइडची २०१५ साली सुरू झालेली स्वयंचलित सोय प्रत्येक खेळाची २५ मेगाबाइटपर्यंतच माहिती फोनबाहेर जपून ठेविते. तीही खेळ रचणाऱ्याने सोय बंद केली नसेल तरच.

पहिला भागही चिरंतन नव्हे. गुगलने २०१६ साली बाजारात आणलेल्या डेड्रीम चष्म्याची विक्री २०१९ साली थांबविली. मूळ खेळच मिळेनासा झाला, तर जपलेली प्रगती उघडणार कशात? म्हणून परवाना अनुमती देईल तेथे दोन्ही भागांची प्रत फोनबाहेर ठेवावी, आणि ती उघडते याची खात्री करूनच मूळ पुसावे.