जर्मन मास्तरांची शाळा

दौंड जंक्शनवर गाडी बदलून नगरला जाणे आपल्या भागातील माणसाला नवे नाही. दौंड-मनमाड फाटा 1878 साली सुरू झाला. तेव्हापासून शिरूरचा माणूस सडकेने आणि दौंडचा माणूस रुळाने नगर गाठीत आला आहे. याच नगरात, म्हणजे आजच्या अहिल्यानगरात, पहिल्या महायुद्धाच्या वेळी इंग्रज सरकारने शत्रुराष्ट्राच्या प्रजाजनांना डांबण्यासाठी मोठी छावणी उघडली. तीत व्यापारी होते, खलाशी होते आणि शाळामास्तरही होते. त्या मास्तरांची हकीकत आज सांगावयाची आहे.

पुण्याच्या लष्कर भागात सेंट व्हिन्सेंट हायस्कूल आहे. ही शाळा 1867 साली निघाली. मुंबई-पुण्याकडील रोमन कॅथलिक पंथाचे काम 1850 नंतरच्या दशकात जेसुइट संघाच्या जर्मन शाखेकडे आले होते. मुंबईचे सेंट झेवियर्स कॉलेज (1869) हेही त्यांनीच उभारले. आता ‘जर्मन शाळा’ म्हटले म्हणून तेथे जर्मन भाषेतून शिकवीत असत असा समज करून घेऊ नये. शिकवणे इंग्रजीत आणि परीक्षा मुंबई विद्यापीठाची मॅट्रिक. जर्मन होते ते मास्तर.

या मास्तरांना त्यांचा मायदेश तरी आपले म्हणत होता काय? 1872 साली बिस्मार्कच्या राजवटीत जेसुइट संघावर बंदीचा कायदा झाला. आक्षेप असा की, या लोकांची निष्ठा राज्यापेक्षा रोमच्या पोपवर अधिक. संघाचे मठ आणि शाळा तेथे बंद पडल्या. ज्यांना जर्मनीत शाळा चालविण्याची मुभा नव्हती, ते येथे आपल्याकडच्या पोरांना भूमिती शिकवीत होते.

1914 साली युद्ध पेटले आणि हेच लोक इंग्रज सरकारच्या लेखी जर्मन ठरले. तेथे पुरेसे जर्मन नाहीत म्हणून नकोसे आणि येथे जर्मन आहेत म्हणून नकोसे! त्यांनी काय केले हा प्रश्नच नव्हता. कोठे जन्मले एवढेच पाहिले गेले. कित्येकांची रवानगी नगरच्या छावणीत झाली. 1915 आणि 1916 साली ‘गोलकोंडा’ नावाच्या जहाजाने अनेकांना युरोपात परत धाडले. गंमत अशी की, जर्मनीतील तो बंदीचा कायदा रद्द झाला 1917 साली. म्हणजे परतणाऱ्यांना मायदेशात पाय ठेवता आला, पण त्यांच्या संघाला तेथे अजून घर नव्हते.

पुण्याचे बिशप हेन्रिक डोरिंग हेही जर्मन जेसुइट. 1907 पासून ते या गादीवर होते. 1921 साली त्यांची नेमणूक जपानात हिरोशिमाला झाली. पुण्यास ते परतले 1927 साली.

शाळा-कॉलेजे मात्र बंद पडली नाहीत. जे जर्मन बोलत पण स्वित्झर्लंडचे नागरिक होते, त्यांना येथे राहता आले. वनस्पतिशास्त्रज्ञ एथेलबर्ट ब्लॅटर हे त्यांपैकीच. 1919 साली ते झेवियर्सचे प्राचार्य झाले. पुढे मुंबईचे काम स्पेनच्या जेसुइटांकडे गेले. इतिहासकार हेन्री हेरास 1922 साली आले ते याच ओघात. भाषा एक, कामही एक. एकाला छावणी आणि दुसऱ्याला प्राचार्यपद. फरक होता तो केवळ पासपोर्टाचा.

माझे आयुष्य कामगार चळवळीत गेले. गिरणीचा मालक बदलला तरी साचे जागेवर राहतात. दुसऱ्या दिवशी भोंगा वाजला की ते पुन्हा चालू होतात. शाळेचे तसे नाही. शाळेचा साचा म्हणजे मास्तर. तो उचलून नेला की मागे बाके आणि फळा उरतो, आणि तुटलेला धागा पुन्हा जोडायला वर्षे लागतात. साध्या कामगाराला कामावरून काढावयाचे तरी आरोपपत्र द्यावे लागते, त्याचे म्हणणे ऐकावे लागते. हा हक्क आम्ही भांडून मिळविला. त्या मास्तरांना तेवढेही मिळाले नाही. आणि ही रीत परक्यांपुरती राहत नाही. 1942 साली नेहरू, पटेल, आझाद यांना खटल्यावाचून कोंडले, तेही नगरच्याच किल्ल्यात.

म्हणून पुढच्या खेपेस दौंडला नगरची गाडी धराल, तेव्हा या मास्तरांची आठवण करावी. माणसाला जाब विचारावा तो त्याच्या करणीचा, जन्माचा नव्हे.