नव्या चिपची उणीव, जुन्या मॅकच्या पथ्यावर

२०१२च्या मॅकबुक प्रोला ॲपलने २०१९च्या कॅटालिनानंतर नवी मॅकओएस दिलीच नाही. यंत्र ठणठणीत असलं तरी अधिकृत उत्तर एकच: जमणार नाही. तरीही त्याच यंत्रावर २०२२ची व्हेंचुरा चालवता येते. कशी, ते ऐकून मी तरी थक्क झालो.

नकाराचा पहिला भाग निव्वळ कागदी. इन्स्टॉलर यादी बघतो, त्यात मॉडेल नसलं की अडून बसतो. स्वयंसेवकांनी लिहिलेला 'ओपनकोअर लेगसी पॅचर' त्याला सरळ थाप मारतो. मॅकओएसच्या आधी ओपनकोअर हा छोटा बूटलोडर जागा होतो आणि तिला भासवतो, की तू व्हर्च्युअल मशीनमध्ये चालते आहेस. तपासणी ढिली पडते.

खरी अडचण प्रोसेसरमध्ये आहे. इंटेलने २०१३च्या हॅसवेल पिढीत एव्हीएक्स२ सूचना आणल्या. ३२ बिटांच्या पूर्णांकांच्या आठ जोड्यांची बेरीज त्या एका फटक्यात करतात. व्हेंचुराच्या मुख्य लायब्ररी या सूचना गृहीत धरूनच बांधलेल्या. २०१२च्या आयव्ही ब्रिज चिपपुढे अशी सूचना आली की प्रोग्रॅम जागच्या जागी कोसळतो. इथे थापा चालत नाहीत. सिलिकॉनमध्ये जे नाहीच, ते आणणार कुठून?

आणि गंमत इथेच आहे. २०२०मध्ये ॲपलची स्वतःची एम१ चिप आली. इंटेलसाठी लिहिलेले प्रोग्रॅम तिच्यावर चालवायचं काम रोझेटा २ या अनुवादकाकडे होतं, आणि व्हेंचुराच्या काळात त्याला एव्हीएक्स२ येत नव्हतं! म्हणून त्याच लायब्ररींची, एव्हीएक्स२ वगळलेली इंटेल प्रत ॲपलला स्वतःच बांधावी लागली. जुन्या चिपला हवं होतं नेमकं तेच, फक्त पार्सलवर पत्ता एम१चा. पॅचरवाल्यांनी ते हेरलं आणि 'क्रिप्टेक्सफिक्सअप' या तुकड्याने इन्स्टॉलरला तेच पार्सल जुन्या मॅकवर उतरवायला लावलं. ॲपलच्या ध्यानीमनीही नसेल!

ग्राफिक्सचं काम मात्र ओढाताणीचं. इंटेल एचडी ४०००चे ड्रायव्हर ॲपलने काढून टाकले आहेत, ते जुन्या मॅकओएसमधून आणून बसवावे लागतात. पण २०२०च्या बिग सरपासून सिस्टीमच्या फायलींना क्रिप्टोग्राफिक सील असतं. ड्रायव्हर बसवायचे तर ते तोडावं लागतं, सुरक्षेची काही कवचं उतरवावी लागतात आणि अपडेट आला की पॅच पुन्हा मारावा लागतो. हा सौदा मला पूर्णपणे पटत नाही.

तेव्हा हा प्रयोग करायचा तर पडून असलेल्या मॅकवर करा, आधी टाइम मशीनने बॅकअप घ्या आणि बँकेचे व्यवहार त्यावर ठेवू नका. शिवाय २०२५ची टाहो ही इंटेल मॅकसाठीची शेवटची मॅकओएस, असं ॲपलने जाहीर केलं आहे. त्यापुढच्या आवृत्त्या इंटेलसाठी बांधल्याच जाणार नाहीत, मग पॅचर कितीही हुशार असला तरी उपयोग नाही.