भिलार : पडवीतली पुस्तकं

पाचगणीजवळचं भिलार हे स्ट्रॉबेरी पिकवणारं गाव. ४ मे २०१७ला त्याला दुसरं नाव मिळालं, पुस्तकांचं गाव. मूळ प्रेरणा वेल्समधल्या हे-ऑन-वायची. तिथे रिचर्ड बूथ यांनी १९६०च्या दशकात जुन्या पुस्तकांचं दुकान थाटलं आणि त्यामागोमाग गावभर पुस्तकांची दुकानं झाली. भिलारमध्ये मात्र कपाटातलं पुस्तक विकायला नसतं, घरीही नेता येत नाही. यायचं, बसायचं, हवं तितकं वाचायचं. पैसे पडत नाहीत.

राज्य मराठी विकास संस्थेने सुरुवातीला २५ ठिकाणी सुमारे १५,००० पुस्तकं मांडली. कुठे कविता, कुठे इतिहास, कुठे बालसाहित्य, चरित्रं, संतसाहित्य, दिवाळी अंक. चित्रकारांनी भिंती रंगवल्या. पण या योजनेचा खरा कणा म्हणजे भिलारकरांची घरं. स्वयंपाकघरात भाकरी थापली जात असताना बाहेरच्या खोलीत कुणी अनोळखी माणूस कादंबरी उघडून बसलाय, हे चालवून घ्यायला मन मोठं लागतं.

छापील पुस्तक मोबाइलमुळे मरणार, असं सारखं ऐकू येतं. मला ते पटत नाही. मोबाइलवरच्या पुस्तकाचे उपकारही मानायला हवेत: अक्षर मोठं करता येतं, डोळ्यांनी अधू माणसाला ऐकता येतं, दुर्मीळ ग्रंथ परगावच्या अभ्यासकाला घरबसल्या मिळतो. छापील पुस्तकाचा घात जास्त केला तो कुलूपबंद कपाटांनी आणि दोन खोल्यांच्या घरात न उरलेल्या जागेने. भिलारने नेमकी जागाच दिली. तिथे पुस्तक पोराच्या हाताला लागेल एवढ्या उंचीवर आहे, आणि ते चाळलं म्हणून कुणी ओरडत नाही.

एक अडचण आहे. चारशे पानांची कादंबरी सहलीच्या वाटेवर वाचून होत नाही. बहुतेक गाड्या येतात, फोटो काढतात आणि महाबळेश्वरकडे वळतात. पुस्तकं तिथल्या तिथे राहतात.

पुढे ही योजना वेरूळ, नवेगाव बांध अशा गावांकडेही नेण्याचं ठरलं. त्यांत पोंभुर्लेही आहे, १८३२मध्ये ‘दर्पण’ हे वृत्तपत्र सुरू करणाऱ्या बाळशास्त्री जांभेकरांचं गाव.

तेव्हा भिलारला जाल तर मुक्कामाने जा. काही घरांत राहण्या-जेवणाची सोय होते. मुलांना बरोबर न्या, आणि हातात घेतलेलं एक तरी पुस्तक शेवटच्या पानापर्यंत वाचूनच गाव सोडा.